‘धग’ म्हटलं की सिनेमा आठवतो? हिंगणघाटात जन्मलेल्या उद्धव शेळकेंची ‘धग’ वेगळी आहे!

मोबाइलवर ‘धग’ शोधलं, की राष्ट्रीय पुरस्कार मिळवणारा मराठी चित्रपट समोर येतो. पण त्याआधी कितीतरी वर्षं, १९६० मध्ये, याच नावाची कादंबरी आली होती. दोन्हींच्या कथेचा एकमेकांशी संबंध नाही. कादंबरीचे लेखक आपल्या वर्धा जिल्ह्यात जन्मलेले. जाणून घेऊया त्यांच्याविषयी.

कोण होते उद्धव शेळके?
८ ऑक्टोबर १९३१ रोजी हिंगणघाटमध्ये त्यांचा जन्म झाला. पुढचं आयुष्य मुख्यतः अमरावती परिसरात गेलं. ‘शिळान’ या कथासंग्रहामुळे त्यांचं नाव झालं, पण ओळख मिळाली ती ‘धग’मुळे. या कादंबरीला राज्य शासनाचा पुरस्कारही मिळाला.

‘धग’मध्ये काय आहे?
ही कौतिकची गोष्ट. घर शिंप्याचं. नवरा महादेव संसार ओढायला कमी पडतो, पुढे त्याला महारोग होतो. भीमा, नामदेव आणि यसोदा या मुलांसाठी कौतिक मजुरी करते, पण हात पसरत नाही. परिस्थिती मात्र तिला सावरू देत नाही.

भाषा महत्त्वाची का?
यातली माणसं वऱ्हाडीत बोलतात, आणि ती बोली केवळ हसवण्यासाठी येत नाही. दुःख, राग, माया सगळं त्याच बोलीत आहे. अमेरिकेतलं एक उदाहरण पाहा. तिथल्या गुलामांच्या वंशजांपैकी गल्ला समाजावर ज्युलिया पीटरकिन यांनी लिहिलेल्या कादंबरीला १९२९ मध्ये पुलित्झर मिळालं. निवड समितीची पसंती दुसऱ्याच पुस्तकाला होती, त्यामुळे वाद झाला. शिवाय पीटरकिन गोऱ्या मळेमालक घरातल्या. गल्ला माणसं त्यांच्या मळ्यावर राबणारी. शेळके मात्र आपल्याच मुलखातल्या माणसांबद्दल लिहीत होते.

मग शेळकेंवर टीका का झाली?
‘धग’नंतर त्यांनी लेखणीवरच पोट भरायचं ठरवलं. एकामागून एक रंजक कादंबऱ्या लिहिल्या. त्या खपल्या, वाचनालयांत हातोहात फिरल्या. समीक्षकांनी मात्र मोठा लेखक वाया गेला, असं म्हणायला सुरुवात केली. पण महिन्याचा ठरलेला पगार नसलेल्या लेखकाने वर्षानुवर्षं एकाच कादंबरीवर घासत बसावं, तर घर कसं चालावं? कौतिकपुढे जो प्रश्न होता, तोच थोड्या वेगळ्या रूपात तिच्या लेखकापुढे होता.

३ एप्रिल १९९२ रोजी, साठाव्या वर्षी शेळकेंचं निधन झालं. त्यांच्या बहुतेक रंजक कादंबऱ्या आज विस्मरणात गेल्या आहेत. ‘धग’ मात्र अजून वाचली जाते. वऱ्हाडीची सवय नसेल, तर पहिली काही पानं सावकाश वाचा. एकदा कान जुळला, की कौतिक आपल्याच गल्लीतली वाटू लागते.