चित्रपटसृष्टीचे मिस्त्री : कै. बाबूराव पेंटर

धर्मग्रामाच्या महोत्सवी स्मरणिकेत चित्रपटाच्या धंद्यातील गृहस्थाचे चरित्र कशासाठी, असा प्रश्न वाचकांच्या मनात येईल. तो अस्थानी नाही. त्याचे उत्तर आम्ही चरित्रकथनातूनच देऊ इच्छितो.

बाबूराव कृष्णराव मेस्त्री यांचा जन्म ३ जून १८९० रोजी कोल्हापूर येथे झाला. घराणे कारागिरांचे. कलाशाळेचे शिक्षण त्यांना लाभले नाही; तरी त्यांनी व त्यांच्या नात्यातील बंधू आनंदराव यांनी नाटकमंडळ्यांचे पडदे रंगवून असे नाव मिळविले की, ‘पेंटर’ हेच त्यांचे आडनाव झाले.

पुढे चलच्चित्रांचा ध्यास लागून दोघांनी स्वतःच कॅमेरा घडविण्याचा निश्चय केला. १९१६ साली आनंदरावांना देवाज्ञा झाली. परंतु बाबूरावांनी धीर न सोडता, शिष्य विष्णुपंत दामले यांच्या साहाय्याने तो कॅमेरा सिद्धीस नेला. त्याच कॅमेऱ्याच्या बळावर महाराष्ट्र फिल्म कंपनी चालू झाली व १९२० साली ‘सैरंध्री’ पडद्यावर आला. लोकमान्य टिळकांनी बाबूरावांस ‘सिनेमा केसरी’ ही पदवी दिली.

ज्यास आज कलादिग्दर्शन म्हणतात, त्याचा पाया आपल्याकडे घालणाऱ्यांत बाबूराव अग्रणी होत. रंगविलेल्या सपाट पडद्यांऐवजी त्यांनी खोली असलेले देखावे उभारले. पात्रांचे पोशाख आधी कागदावर रेखाटले. ‘सिंहगड’ (१९२३) या चित्रपटात कृत्रिम प्रकाशाचा उपयोग केला. दामले, फत्तेलाल व शांताराम ही पुढे प्रभात फिल्म कंपनी स्थापणारी मंडळी त्यांच्याच हाताखाली तयार झाली.

परंतु आम्हांस विशेष वाटतो तो त्यांचा १९२५ सालचा ‘सावकारी पाश’. राजवाडे उभारणाऱ्या या हातांनी येथे मोडकी झोपडी उभी केली. अंधुक उजेडातील ती झोपडी व रडणारे कुत्रे एवढ्यावरच कर्जात बुडालेल्या शेतकऱ्याची दैना त्या मूकपटात बोलू लागली. जमीन गमावलेला तो शेतकरी अखेर शहराची वाट धरतो.

ती वाट बीड जिल्ह्यास अपरिचित नाही. मुकादमाकडून उचल घेऊन दिवाळीच्या सुमारास आपल्याकडील कुटुंबेच्या कुटुंबे कोयता घेऊन ऊसतोडीस निघतात. कित्येक तर बाबूरावांच्याच कोल्हापुराकडे जातात. मागे गावी राहते म्हातारेकोतारे माणूस आणि कुलूप लागलेले दार. शंभर वर्षांपूर्वीची ती झोपडी आजही आमच्या ओळखीची वाटते, ती याचसाठी.

१६ जानेवारी १९५४ रोजी बाबूराव निवर्तले. ते आपल्या धर्माचे नव्हते. तथापि ऋणात बुडालेल्या सेवकाचा दृष्टांत सांगणाऱ्या, सुताराच्या घरी वाढलेल्या प्रभूचे आपण अनुयायी आहोत. गरिबाचे घर जसे आहे तसे जगापुढे मांडणाऱ्या कारागिराचे स्मरण आपण न करावे, तर कोणी करावे? या महोत्सवात वेदीची सजावट करताना कुलूप लागलेल्या त्या दारांची आठवण आपणां सर्वांस राहो, हीच प्रभुचरणी प्रार्थना.