साठ किलोमीटर फिल्म बघणारी बाई

गॅदरिंगच्या व्हिडिओचं एडिटिंग दरवर्षी माझ्या गळ्यात पडतं. चार दिवसांचं शूटिंग बारा मिनिटांत बसवताना माझ्या नाकी नऊ येतात. म्हणूनच एस्फिर शुब यांच्याबद्दल वाचलं तेव्हा मी अक्षरशः हात जोडले!

शुबबाईंचा जन्म १८९४ चा, रशियन साम्राज्यातल्या सुराझ या छोट्या गावातला. मॉस्कोत साहित्य शिकल्या. क्रांतीनंतर १९२२ मध्ये त्या सरकारी फिल्म कंपनीत लागल्या. काम काय, तर परदेशी सिनेमे कापायचे, मधल्या पाट्या बदलायच्या आणि सोव्हिएत प्रेक्षकांसाठी पुन्हा जोडायचे. जर्मन 'डॉ. माबुझे' त्यांनी असाच नव्याने जोडला. तेव्हा शेजारी बसून काम शिकत होते सर्गेई आयझेनस्टाईन, पुढे 'बॅटलशिप पोटेमकिन' काढणारे!

१९२६ मध्ये झारशाहीच्या शेवटावर फिल्म करायचं ठरलं. पण झार तर केव्हाच गेलेला, मग शूट काय करणार? बाई लेनिनग्राडला गेल्या. तिथे एका ओल्या तळघरात जुन्या न्यूजरीलचे डबे पडले होते. डबे गंजलेले, ओलीने फिल्मवरचा थर सुटलेला. यादीत असलेली कित्येक दृश्यं तर गायबच. दोन महिन्यांत त्यांनी ६०,००० मीटर फिल्म पाहिली. म्हणजे साठ किलोमीटर! मूकपटाच्या वेगाने धरलं तरी सुमारे पन्नास तास. त्यातून ५,२०० मीटर वेगळी काढली. फेब्रुवारी क्रांतीची काही दृश्यं तर अमेरिकेतून विकत आणावी लागली.

मार्च १९२७ मध्ये 'रोमानोव्ह घराण्याचा अस्त' पडद्यावर आला. त्यात जहाजाच्या डेकवर बडे लोक घाम येईपर्यंत नाचतात आणि लगेच पुढे घामाघूम होऊन राबणारे शेतकरी दिसतात. दोन्ही दृश्यं खरीच, पण वेगवेगळ्या वेळची. राजघराण्याचा थाट दाखवायला घेतलेलं चित्रण त्यांनी नुसत्या जोडणीने त्याच घराण्यावर उलटवलं.

पुढे टॉलस्टॉयच्या जन्मशताब्दीला, १९२८ मध्ये, जुन्या चित्रणातूनच आणखी एक फिल्म केली. १९३२ मध्ये विद्युतीकरणावर बोलपट केला (इलेक्ट्रिकलवाल्यांनो, ऐकताय ना?), १९३९ मध्ये स्पेनच्या यादवीवर. १९५९ मध्ये मॉस्कोत त्या गेल्या.

मला त्यांचं कौतुक वाटतं, आणि थोडी भीतीही. एकही खोटं दृश्य न वापरता बघणाऱ्याचं मत बनवता येतं, हे त्यांनी दाखवून दिलं. फिल्म सरकारी होती, मतही सरकारच्या सोयीचं होतं. आज टीव्हीवर बातमी चालू असते आणि कोपऱ्यात बारीक अक्षरांत 'संग्रहित दृश्य' लिहिलेलं असतं. मेसच्या टीव्हीपुढे घास घेता घेता ते कोण वाचतो? यापुढे वाचा. चित्रण कधीचं, कुठलं आणि ते या बातमीला कोणी जोडलं, एवढं तरी विचारा.

– तृतीय वर्ष, यंत्र अभियांत्रिकी