वीस वर्षे पडून राहिलेली पटकथा
'ज्युरासिक पार्क'चे लेखक मायकेल क्रायटन मूळचे वैद्यकाचे विद्यार्थी होते, हे सहसा ध्यानात राहत नाही. १९४२ साली शिकागोत जन्मलेल्या क्रायटन यांनी टोपणनावाने थरारकथा लिहून शिक्षणाचा खर्च भागवला, १९६९ मध्ये हार्वर्डची वैद्यकीय पदवी घेतली. डॉक्टरकी मात्र कधीच केली नाही.

बोस्टनच्या मॅसॅच्युसेट्स जनरल हॉस्पिटलमध्ये त्यांनी जे अनुभवले, त्यावर १९७४ मध्ये त्यांनी पटकथा लिहिली. तातडीच्या विभागात एकामागून एक रुग्ण येतात, डॉक्टर धावपळीत आपल्या परिभाषेतच बोलतात आणि प्रेक्षकांसाठी कोणी काही उलगडून सांगत नाही. सर्वज्ञ, शांत डॉक्टरांना सरावलेल्या निर्मात्यांना हे दुर्बोध वाटले. १९८९ मध्ये स्टीव्हन स्पीलबर्ग यांनी तिच्यात रस घेतला. पण चर्चेच्या ओघात डायनोसॉरच्या कादंबरीचा विषय निघाला आणि रुग्ण पुन्हा मागे पडले! अखेर १९९४ मध्ये 'ईआर' मालिका अवतरली. तिच्या लेखकांत डॉक्टरही होते. शब्द कळले नाहीत तरी प्रेक्षकांना निकड कळली.

पण वास्तवालाही मर्यादा होतीच. १९९६ मध्ये अमेरिकी संशोधकांनी 'ईआर'सह तीन मालिकांतील, थांबलेले हृदय पुन्हा सुरू करण्याचे प्रसंग तपासले. त्यांतील ७५ टक्के रुग्ण तत्काळ वाचले होते. प्रत्यक्षात हे प्रमाण पुष्कळच कमी असते. रुग्णाचे नातेवाईक मात्र पडद्यावरची आशा घेऊनच इस्पितळात येतात.

४ नोव्हेंबर २००८ रोजी क्रायटन कर्करोगाने निवर्तले. 'ईआर'चा अखेरचा भाग २ एप्रिल २००९ रोजी प्रसारित झाला.