सॅम्युएल इझिकिएल दिवेकर

सॅम्युएल इझिकिएल दिवेकर ऊर्फ सामाजी हसाजी दिवेकर (मृत्यू: इ.स. १७९७, कोचीन) हे ईस्ट इंडिया कंपनीच्या मुंबई सैन्यातील बेने इस्रायल समाजाचे अधिकारी होते. इ.स. १७९६ मध्ये मुंबईच्या मांडवी भागात त्यांनी बांधलेले सिनेगॉग हे या समाजाचे पहिले आणि मुंबईतील सर्वांत जुने सिनेगॉग मानले जाते. पुढील शतकात कोकणातील लहान गावांमध्ये जी सिनेगॉगे उभी राहिली, त्या परंपरेचा आरंभ या वास्तूपासून होतो.

पार्श्वभूमी

बेने इस्रायल हा कोकणातील मराठीभाषक ज्यू समाज आहे. त्याची बहुतेक मूळ गावे रत्नागिरी जिल्ह्याच्या उत्तरेस असलेल्या आजच्या रायगड जिल्ह्यात आहेत. अलिबागजवळील नवगावच्या किनाऱ्यावर गलबत फुटले व त्यातून सात स्त्रिया आणि सात पुरुष वाचले, त्यांचे आपण वंशज, अशी समाजाची पारंपरिक धारणा आहे. तेलाचे घाणे चालविणे हा अनेक कुटुंबांचा व्यवसाय होता. शनिवारी, म्हणजे ज्यू धर्मातील विश्रांतीच्या दिवशी, ते घाणा बंद ठेवीत. त्यामुळे त्यांना शनिवार तेली असे नाव पडले. पेणकर, रोहेकर, केहीमकर यांसारखी त्यांची आडनावे गावांवरून आली. सामाजी हे सॅम्युएलचे, तर हसाजी हे इझिकिएलचे मराठी वळणाचे रूप होय.

अनेक पिढ्या या समाजाकडे सिनेगॉग नव्हते. सुंता, शनिवारचा विसावा, आहाराचे काही नियम आणि 'शेमा' ही प्रार्थना एवढ्यावर त्यांचा धर्म टिकून होता. विवाहादी विधी घरोघरी होत व ते काजी चालवीत.

सैन्यातील सेवा

अठराव्या शतकाच्या मध्यापासून बेने इस्रायल कुटुंबे मुंबईत येऊ लागली. इ.स. १७४६ च्या सुमारास आलेले दिवेकर घराणे हे त्यांतील पहिले मानले जाते. कंपनीच्या देशी पलटणींत या समाजातील अनेक तरुण भरती झाले. सामाजी व त्यांचे बंधू इसाजी हे दोघेही सैन्यात अधिकारी होते.

कैद व सुटका

दुसऱ्या इंग्रज-म्हैसूर युद्धात (इ.स. १७८०–१७८४) मुंबईच्या सैन्याने म्हैसूरच्या पश्चिम भागात मोहीम काढली आणि इ.स. १७८३ च्या आरंभी बेदनूर घेतले. टिपू सुलतानाने त्याच वर्षी ते परत जिंकले व मोठ्या संख्येने सैनिक कैद केले. दिवेकर बंधूही या युद्धात टिपूच्या कैदेत सापडले.

त्यांच्या सुटकेविषयी समाजात एक आख्यायिका सांगितली जाते. कैद्यांना जात व धर्म विचारला असता दिवेकरांनी आपण बेने इस्रायल असल्याचे सांगितले. टिपूच्या आईने हे नाव कुराणात आल्याचे ओळखून मुलाला त्यांचे प्राण वाचविण्यास सांगितले. संकटातून सुटल्यास मुंबईत देवाचे मंदिर बांधीन, असा नवस सामाजींनी केला होता, असेही या कथेत येते. हाईम सॅम्युएल केहीमकर यांनी इ.स. १८९७ मध्ये पूर्ण केलेल्या व इ.स. १९३७ मध्ये तेल अवीव येथे प्रसिद्ध झालेल्या समाजाच्या इतिहासात या घटनांची माहिती येते. कथेचे हे लिखित रूप घटनेनंतर सुमारे शंभर वर्षांनी तयार झाले, हे लक्षात घ्यावे लागते. मंगळूरच्या तहाने (११ मार्च १७८४) युद्ध संपले.

सुटकेनंतर दिवेकरांचा कोचीनच्या ज्यू समाजाशी संबंध आला, असे सांगितले जाते. तेथे इ.स. १५६८ मध्ये बांधलेले परदेशी सिनेगॉग होते, तोराच्या हस्तलिखित गुंडाळ्या होत्या आणि हिब्रू जाणणारे लोक होते. कोकणातील ज्यूंकडे यांतील काहीही नव्हते.

सिनेगॉगची उभारणी व मृत्यू

इ.स. १७९६ मध्ये सिनेगॉग उभे राहिले. मात्र इमारतीमुळे उपासनेची गरज पूर्ण होत नव्हती. सिनेगॉगमधील सामूहिक वाचन हाताने लिहिलेल्या तोराच्या गुंडाळीवरून करावे लागते आणि अशी गुंडाळी कोकणात मिळत नव्हती. ती आणण्यासाठी दिवेकर पुन्हा कोचीनला गेले. तेथेच इ.स. १७९७ मध्ये त्यांचे निधन झाले. ज्या ग्रंथासाठी त्यांनी हा प्रवास केला, त्याचे स्वतःच्या सिनेगॉगमधील वाचन ऐकणे त्यांच्या वाट्याला आले नाही.

नंतरचा काळ

सिनेगॉगमुळे मुंबईतील बेने इस्रायलांना एकत्र येण्याचे कायमचे ठिकाण मिळाले आणि त्याभोवतीची वस्ती इस्रायल मोहल्ला म्हणून ओळखली जाऊ लागली. एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात कोचीनहून आलेल्या शिक्षकांनी हिब्रू प्रार्थना व विधी शिकविले. इ.स. १८४० च्या दशकात मुंबईत समाजाचे दुसरे सिनेगॉग झाले. तेव्हापासून मराठीत दिवेकरांच्या सिनेगॉगला 'जुनी मशीद' व दुसऱ्याला 'नवी मशीद' म्हणण्याचा प्रघात पडला.

त्यानंतर कोकणातील गावांनीही आपापली सिनेगॉगे बांधली. रेवदंडा (इ.स. १८४२), अलिबाग (इ.स. १८४८), पनवेल (इ.स. १८४९) व पेण (इ.स. १८६३) येथील सिनेगॉगे त्यांतील प्रमुख होत. मुंबईत नोकरी करणाऱ्या आणि निवृत्तीनंतर गावी परतणाऱ्या कुटुंबांमुळे शहर व गाव यांचे नाते टिकून राहिले.

दिवेकरांचे सिनेगॉग इ.स. १८६० मध्ये सध्याच्या जागी हलविण्यात आले. 'शाआर हारहामीम' म्हणजे दयेचे द्वार, हे त्याचे हिब्रू नाव आहे. इ.स. १९४८ मध्ये इस्रायलची स्थापना झाल्यानंतर समाजातील बहुसंख्य लोक तेथे स्थलांतरित झाले आणि मांडवीतील ज्यू वस्ती ओसरली.

स्मृती

सिनेगॉग ज्या रस्त्यावर आहे, तो सॅम्युएल स्ट्रीट दिवेकरांच्या नावाने ओळखला जातो. मध्य रेल्वेच्या जवळच्या मशीद स्थानकाचे नाव याच 'जुन्या मशिदी'वरून पडले, अशी लोकसमजूत आहे.