बसवनगुडीचा गोखलेपंथी संपादक

वृत्तनिवेदकाच्या खुर्चीतून थेट निवडणुकीच्या रिंगणात उतरण्याची वाट आता अनेक देशांत मळलेली आहे. चेक प्रजासत्ताकापासून भारतापर्यंत पडद्यावरील परिचित चेहरा हेच अनेकांचे राजकीय भांडवल ठरले. देवनहळ्ळी वेंकटरमणय्या गुंडप्पा ऊर्फ डीव्हीजी यांच्यापाशी असे भांडवल नव्हते. म्हैसूर संस्थानात पत्रकाराला विधिमंडळात जाऊन मिळण्यासारखेही फारसे काही नव्हते. तरीही ते १९२६ ते १९४० या काळात म्हैसूरच्या विधान परिषदेचे सदस्य राहिले.

कोलार जिल्ह्यातील मुळबागल येथे १७ मार्च १८८७ रोजी त्यांचा जन्म झाला. मॅट्रिकची परीक्षा त्यांना उत्तीर्ण होता आली नाही. कोलारच्या सुवर्णखाणींच्या परिसरात सोड्याच्या कारखान्यात त्यांनी काम केले, तर बेंगळुरूत टांगे रंगविण्याच्या कारखान्यात. इंग्रजी, संस्कृत आणि राज्यशास्त्र यांचे अध्ययन मात्र त्यांनी स्वतःच्या बळावर केले. वृत्तपत्रांच्या कचेऱ्यांत ते वावरू लागले तोच १९०८ मध्ये संस्थानाने कठोर वृत्तपत्र कायदा आणला. सरकारच्या परवानगीवाचून पत्र चालविणे अशक्य झाले आणि अनेक संपादकांनी निषेध म्हणून आपली पत्रे बंद केली.

या कायद्याच्या छायेतच १९१३ मध्ये त्यांनी ‘कर्नाटक’ हे इंग्रजी अर्धसाप्ताहिक सुरू केले. त्या वेळी दिवाणपदी मोक्षगुंडम विश्वेश्वरय्या होते. पुण्यात शिकलेले आणि खडकवासल्याच्या स्वयंचलित दारांमुळे महाराष्ट्राला परिचित असलेले हे अभियंते सव्वीस वर्षांच्या संपादकाचे हितचिंतक होते. परंतु दिवाणांचा स्नेह आणि दिवाणांच्या कारभारावरील टीका या दोन गोष्टी गुंडप्पांनी एकमेकींत मिसळू दिल्या नाहीत. त्यांच्या पश्चात घरातील पेटीत न वटविलेले सरकारी धनादेश सापडले, ही कथा बेंगळुरूत सर्वतोमुखी आहे. या कथेने त्यांच्या राजकीय विचाराला थोडेसे झाकूनही टाकले, हे नमूद केले पाहिजे. निःस्पृहतेचे कौतुक करणे सोपे असते; ती कोणत्या मतासाठी राखली, हे पाहण्याची तसदी सहसा कोणी घेत नाही.

ते मत संस्थानी प्रजेच्या हक्कांविषयी होते. ब्रिटिश प्रांतांतील नागरिकांना १९१९ च्या सुधारणांनी थोडाफार वाटा मिळाला. संस्थानांतील कोट्यवधी प्रजा त्याबाहेर राहिली. भावी भारताच्या घटनेविषयीची बोलणी सरकार आणि संस्थानिक यांच्यातच उरकली जातील, ही गुंडप्पांची चिंता होती. राजा म्हणजे संस्थान नव्हे, प्रजेला स्वतंत्र स्थान हवे, हे त्यांच्या लेखनाचे सूत्र राहिले आणि १९३१ मध्ये याच विषयावरील त्यांचा इंग्रजी ग्रंथ आला. दक्षिणी मराठी संस्थानांत सांगलीचे प्रा. ग. र. अभ्यंकर हाच प्रश्न लढवीत होते. अखिल भारतीय संस्थानी प्रजा परिषदेचे पहिले अधिवेशन डिसेंबर १९२७ मध्ये मुंबईत भरले, ते याच मंथनातून.

विधान परिषदेतील त्यांची कारकीर्द जवळजवळ संपूर्णतः सर मिर्झा इस्माईल यांच्या दिवाणपदाच्या काळात गेली. सभागृहाचे अध्यक्ष स्वतः दिवाणच असत. म्हणजे ज्याला प्रश्न विचारायचा, त्याचीच अनुमती घ्यावयाची. ठराव करता येत, पण सरकार पाडता येत नसे. अशा सभागृहात तपशील आणि युक्तिवाद एवढीच आयुधे उरतात, आणि संपादकाला ती ठाऊक होती.

परंतु काळ बदलत होता. एप्रिल १९३८ मध्ये शिवपुर येथे काँग्रेसचा ध्वज-सत्याग्रह झाला आणि त्याच महिन्यात विदुराश्वत्थ येथे गोळीबार झाला. जबाबदार राज्यपद्धतीची मागणी सभागृहातून रस्त्यावर आली. घटनात्मक मार्गाने टप्प्याटप्प्याने पुढे जाणाऱ्या उदारमतवाद्याला त्या गर्दीत जागा नव्हती. गुंडप्पांची ही मर्यादाच होती. जनतेच्या हक्कांची मांडणी त्यांनी आयुष्यभर केली. जनतेला संघटित करण्याची कला त्यांच्यापाशी नव्हती, आणि प्रौढ मताधिकाराच्या कसोटीला ते उतरलेही नाहीत. १९४७ च्या ऑक्टोबरात म्हैसुरात लोकनियुक्त मंत्रिमंडळ आले, ते काँग्रेसच्या के. चेंगलराय रेड्डी यांचे.

तत्पूर्वीच त्यांनी वेगळी वाट धरली होती. ते नामदार गोपाळ कृष्ण गोखले यांना सार्वजनिक जीवनातील आदर्श मानत. गोखल्यांचे चरित्रही त्यांनी कन्नडमध्ये लिहिले. १९४५ मध्ये त्यांनी बेंगळुरूत गोखले सार्वजनिक व्यवहार संस्था स्थापन केली. कोतळूकला जन्मलेल्या, पुण्यात कर्तृत्व गाजविलेल्या नेत्याचे नाव धारण करणारी ही संस्था बसवनगुडीजवळ बुल टेंपल रस्त्यावर आहे. बदलून आलेले किती मराठी अधिकारी तिच्या पायऱ्या चढतात, हा प्रश्न विचारण्यासारखा आहे. नागरिकाने अर्थसंकल्प वाचावा, विधेयकावर मत बनवावे, हा तिचा हेतू. १९७० मध्ये जाहीर सत्कारात मिळालेली थैली त्यांनी संस्थेलाच दिली.

कन्नडिगांच्या स्मरणात मात्र ते ‘मंकुतिम्मन कग्ग’ या १९४३ च्या काव्याचे कर्ते म्हणून आहेत. १९६७ मध्ये साहित्य अकादमीचा पुरस्कार आणि १९७४ मध्ये पद्मभूषण त्यांना लाभले. ७ ऑक्टोबर १९७५ रोजी त्यांचे निधन झाले. तेव्हा आणीबाणी लागू होऊन साडेतीन महिने झाले होते, आणि देशातील वृत्तपत्रे प्रसिद्धीपूर्वी सरकारी अधिकाऱ्याच्या तपासणीखाली होती.