एका दिवसाचा महाराजा : सर पॅट्रिक गेडिस

स्मरणिकेसाठी काहीतरी लिहून द्या, असा आपल्या कार्यकारिणीचा निरोप आला तेव्हा मी नेहमीप्रमाणे टाळाटाळ केली. मी नगररचना विभागात आयुष्य घालवलेला माणूस. नकाशे, मोजमापे आणि टिपण्या याखेरीज माझ्या हातून फारसे काही लिहून झालेले नाही. परंतु या वर्षी मंडळाच्या बैठकीत मिरवणुकीच्या मार्गावरून आणि आपल्या मैदानात फरश्या बसवाव्यात की नाही यावरून जी चर्चा रंगली, ती ऐकताना मला एका स्कॉटिश गृहस्थाची आठवण झाली. त्यांनीही याच इंदूर शहरात एक मिरवणूक काढली होती. त्यांचे नाव सर पॅट्रिक गेडिस. नगररचना शिकणाऱ्या प्रत्येक विद्यार्थ्याला हे नाव ठाऊक असते, पण ज्या शहरासाठी त्यांनी आपला सर्वांत मोठा अहवाल लिहिला, तिथल्या रहिवाशांना ते फारसे माहीत नाही.

गेडिस यांचा जन्म २ ऑक्टोबर १८५४ रोजी स्कॉटलंडमधील बॅलेटर या गावी झाला. वडील लष्करात होते. पुढे हे कुटुंब पर्थ शहराजवळ राहायला आले. तिथल्या घराभोवतीच्या बागेत आणि टेकडीवर वडिलांचे बोट धरून हिंडताना या मुलाला झाडापानांची गोडी लागली, ती जन्मभर टिकली. लंडनला हक्स्ले या प्रख्यात शास्त्रज्ञाच्या हाताखाली त्यांनी जीवशास्त्राचे शिक्षण घेतले. गंमत अशी, की पुढे प्राध्यापक झालेल्या या माणसाने स्वतः मात्र कोणतीही पदवी घेतली नाही!

१८७९ साली ते संशोधनासाठी मेक्सिकोला गेले असताना त्यांची दृष्टी काही काळ गेली. अंधाऱ्या खोलीत पडून राहण्याची वेळ आली. सूक्ष्मदर्शकावर डोळा ठेवून काम करणाऱ्या तरुणाला हा केवढा धक्का असेल! दृष्टी परत आली, पण डोळे पूर्वीसारखे राहिले नाहीत. पुढे पेशींकडे पाहणारा हा शास्त्रज्ञ माणसांच्या वस्त्यांकडे पाहू लागला. झाड आणि त्याची माती यांचे जे नाते, तेच माणूस आणि त्याचे गाव यांचे, असे त्यांना वाटू लागले.

१८८६ साली त्यांचा ॲना मॉर्टन यांच्याशी विवाह झाला. नवविवाहित जोडप्याने एडिंबरोच्या चांगल्या वस्तीत घर घ्यायचे सोडून जुन्या शहरातील जेम्स कोर्ट या दाटीवाटीच्या, गलिच्छ चाळवजा इमारतीत बिऱ्हाड थाटले. दोघांनी शेजाऱ्यांना हाताशी धरून भिंतींना चुना लावला, अंगणे झाडली, खिडक्यांत फुलझाडे लावली. आधी स्वतः राहायला जायचे आणि मग सुधारणेची भाषा करायची, हा त्यांचा शिरस्ता तिथे सुरू झाला. १८८८ पासून सुमारे तीस वर्षे ते डंडी येथे वनस्पतिशास्त्राचे प्राध्यापक होते. तिथे वर्षातून एकच सत्र शिकवायचे असल्यामुळे उरलेला वेळ शहरांच्या कामाला मिळे.

एडिंबरोच्या जुन्या भागात त्यांच्या सहकाऱ्यांनी घरांमागच्या पडीक, कचऱ्याने भरलेल्या मोकळ्या जागांची गणती केली, तेव्हा अशा ७५ जागा निघाल्या. सगळ्या मिळून सुमारे दहा एकर! जिथे श्वास घ्यायला जागा नाही असे सगळे म्हणत होते, तिथेच ही जमीन पडून होती. त्यांतल्या काही जागांवर मुलांसाठी छोट्या बागा झाल्या. त्या कामात त्यांची कन्या नोरा पुढे होती. सार्वजनिक मोकळी जागा म्हणजे मोठे उद्यान, कारंजे आणि कुंपण एवढेच नव्हे, तर घराच्या दारातली चार हात जमीनसुद्धा शहराची फुप्फुसे असतात, हा त्यातला धडा. १९०४ साली डनफर्मलिन या गावच्या उद्यानासाठी त्यांनी सविस्तर ग्रंथच लिहिला. तो विश्वस्तांनी बाजूला ठेवला, ही गोष्ट वेगळी. अहवाल कपाटात जाणे हे गेडिस यांच्या नशिबी अनेकदा आले.

१९१४ साली मद्रासचे गव्हर्नर लॉर्ड पेंटलंड यांच्या निमंत्रणावरून ते भारतात यायला निघाले. वय साठ. शहरांविषयीचे त्यांचे मोठे प्रदर्शन, म्हणजे अनेक वर्षे जमवलेले नकाशे आणि चित्रे, दुसऱ्या जहाजातून येत होते. ते जहाज जर्मनांच्या एम्डेन या युद्धनौकेने बुडवले. सारी पुंजी समुद्रात गेली. तरीही मित्रांनी घाईने जमवून पाठवलेल्या साहित्यावर १९१५ च्या जानेवारीत मद्रासला प्रदर्शन उभे राहिले. त्यानंतर तंजावर, मदुराई, ठाणे, अहमदाबाद, बडोदे, लखनौ अशी गावामागून गावे त्यांनी पायी पालथी घातली.

इथे मला माझीच एक चूक सांगितली पाहिजे. नोकरीच्या सुरुवातीला एका गावच्या आराखड्यात मी टेबलावर बसून पट्टीने एक सरळ रस्ता आखला होता. नकाशावर तो फार देखणा दिसत होता. त्या रेघेखाली एक विहीर, एक पार आणि अकरा घरे होती, हे मी प्रत्यक्ष जाऊन पाहिले नव्हते. विहीर बुजली, पार गेला, आणि उठवलेली माणसे शेजारच्याच गल्लीत आणखी दाटीने राहू लागली. पुढे कधीतरी गेडिस यांचे अहवाल वाचनात आले आणि मी वरमलो. त्यांनी नेमके हेच शंभर वर्षांपूर्वी लिहून ठेवले होते. दाट वस्तीतून सरळ रस्ता काढला की घरे जातात पण माणसे जात नाहीत, ती उरलेल्या घरांत शिरतात आणि रोगराई वाढते. त्यांचा उपाय वैद्याचा होता. आधी नाडी पाहायची, मग औषध. प्रत्येक गल्ली पायी हिंडायची, कुठली घरे खरोखर मोडकळीला आली आहेत ते पाहायचे, तेवढीच काढायची, त्या जागी छोटा चौक करायचा, एक झाड लावायचे, पार बांधायचा. गल्ली वाकडी राहिली तरी चालेल. वारा आणि ऊन आत आले पाहिजे. यात खर्चही फार कमी येई.

तलाव आणि विहिरी हा त्यांच्या जिव्हाळ्याचा विषय. त्या काळी हिवतापाच्या भीतीने गावोगावचे तलाव बुजवण्याची टूम निघाली होती. गेडिस यांनी तिला विरोध केला. तलाव पावसाचे जादा पाणी पोटात घेतो, हवा थंड ठेवतो. डासांसाठी त्यात मासे आणि बदके सोडावीत, असा त्यांचा सल्ला होता. नळ आले म्हणून विहिरी टाकून देऊ नयेत, नळ कधीतरी बिघडणारच, हेही त्यांनी ठाण्याच्या अहवालात मांडले. २०२३ सालच्या रामनवमीला आपल्याच इंदुरात झाकलेल्या बावडीवरचे छत कोसळून ३६ जणांचे प्राण गेले, त्या दिवशी मला हे पान आठवले. पाण्याची जागा झाकून टाकली म्हणजे ती नाहीशी होत नाही.

१९१७ हे साल गेडिस यांच्या आयुष्यातले सर्वांत काळे. थोरला मुलगा ॲलिस्डेर, जो भारतातल्या कामात वडिलांचा उजवा हात होता, एप्रिल महिन्यात फ्रान्सच्या रणभूमीवर मारला गेला. त्या वेळी ॲनाबाई इथेच, भारतात, तापाने अंथरुणाला खिळल्या होत्या. मुलगा गेल्याची बातमी गेडिस यांनी त्यांना कळू दिली नाही. जूनमध्ये कलकत्त्यात त्यांचेही निधन झाले, मुलाचा मृत्यू न कळताच. परक्या देशात, बासष्टाव्या वर्षी, दोन महिन्यांत मुलगा आणि पत्नी गमावलेल्या या माणसाने काम मात्र थांबवले नाही. या आघातानंतरच त्यांनी होळकर दरबारासाठी इंदूरचे काम केले.

तेव्हा गादीवर तिसरे तुकोजीराव होळकर होते आणि शहरावर प्लेगचे सावट होते. गेडिस गल्लीबोळांतून नकाशा घेऊन हिंडू लागले की लोक घाबरून आत जात. हा गोरा साहेब घरे पाडायला आला आहे, अशी सर्वांची समजूत. यात लोकांची चूक नव्हती. १८९७ साली पुण्यात प्लेगच्या निमित्ताने गोऱ्या शिपायांनी घरात शिरून काय केले, हे मराठी माणसाला वेगळे सांगायला नको.

गेडिस यांनी भाषणे दिली नाहीत की हुकूम काढायला लावले नाहीत. त्यांनी दरबाराकडे एका दिवसापुरते महाराजांचे अधिकार मागितले आणि ते मिळाले! मग दवंडी पिटली गेली, की या दिवाळीला नवी मिरवणूक निघेल. तिचा मार्ग ना हिंदूंच्या नेहमीच्या मिरवणुकीचा, ना मुसलमानांच्या. ज्या रस्त्यावर सर्वांत जास्त घरे झाडून, दुरुस्त करून, रंगवून तयार असतील, त्याच रस्त्याने मिरवणूक जाईल. कचरा फुकट उचलून नेला जाईल. झाले! आळीआळीत चढाओढ लागली. घराघरांतून आणि परसांतून सहा हजारांहून अधिक गाड्या कचरा निघाला. उंदीर हजारोंनी पकडले गेले.

मिरवणुकीचे वर्णन त्यांनी स्वतः करून ठेवले आहे. पुढे घोडेस्वार, उंट आणि हत्ती. मग खिन्न वाद्यांच्या सुरात मोडक्या घरांचे देखावे, घाणीचा अक्राळविक्राळ राक्षस आणि प्लेगचा अवाढव्य उंदीर. थोडे अंतर सोडून आनंदाची वाद्ये, आणि त्यामागे कोण? शहरातले सफाई कामगार! नवे स्वच्छ कपडे, नवी पागोटी, रंगवलेल्या गाड्या, सजवलेले बैल. ज्यांची सावली टाळली जात असे ते लोक शहराच्या मिरवणुकीत मानाने चालत होते, आणि त्यांच्यासारखेच पागोटे स्वतः गेडिस यांनीही घातले होते. मागे लक्ष्मी, आणि तिच्यामागे एक नवी देवता, इंदूर नगरी, हातात शहराच्या आराखड्याचा ध्वज घेतलेली. शेवटी फळाफुलांच्या गाड्या आणि घरोघरी वाटायला तुळशीची रोपे. संध्याकाळी मैदानात राक्षस आणि उंदीर यांचे दहन झाले. त्या हंगामात प्लेग ओसरला. मिरवणुकीच्या आतषबाजीने तो गेला असे म्हणणे भाबडेपणाचे होईल. त्याला ऋतूही कारण असेल, पण कचरा आणि उंदीर गेले हेही खरे. लोकांच्या मनातली भीती तर नक्कीच गेली. त्यानंतर गल्लीत त्यांना पाहून दारे बंद होत नसत.

१९१८ साली इंदूरचा अहवाल दोन खंडांत प्रसिद्ध झाला. नदीकाठ स्वच्छ करून तिथे बागा कराव्यात, सांडपाणी लांबवर वाहून नेण्याऐवजी शक्य तिथे बागांना द्यावे, शहरात विद्यापीठ व्हावे, असे कितीतरी विचार त्यात आहेत. बरेचसे कागदावरच राहिले. गेडिस यांचे लिखाण पाल्हाळिक, बोलणे दाढीतल्या दाढीत पुटपुटल्यासारखे. शिवाय संस्थानी दरबाराच्या आणि इंग्रज सरकारच्या आश्रयानेच त्यांना काम करावे लागे, ही मर्यादाही होतीच.

१९१९ ते १९२४ या काळात ते मुंबई विद्यापीठात समाजशास्त्र आणि नागरिकशास्त्राचे पहिले प्राध्यापक होते. मालवणच्या गोविंद सदाशिव घुर्ये या तरुणाची त्यांनी उच्च शिक्षणासाठी इंग्लंडला जाण्याकरिता निवड केली, आणि पुढे हेच डॉ. घुर्ये भारतीय समाजशास्त्राचे अध्वर्यू ठरले. जगदीशचंद्र बोस यांचे चरित्रही गेडिस यांनी लिहिले. १९२५ साली तेल अवीव शहराचा आराखडा त्यांनी केला, त्यात घरांच्या समूहांच्या मधोमध छोट्या बागा ठेवल्या. अखेरची वर्षे फ्रान्समधील माँपेलिये येथे गेली. १९३२ साली ‘सर’ हा किताब मिळाला आणि त्याच वर्षी १७ एप्रिलला त्यांनी देह ठेवला.

स्वच्छ सर्वेक्षणात २०१७ ते २०२३ अशी सलग सात वर्षे आपले इंदूर देशात पहिले आले. ते श्रेय आजच्या कामगारांचे आणि नागरिकांचे आहे. पण पहाटे कचरागाडीचे गाणे कानी आले की मला ती रंगवलेल्या गाड्यांची मिरवणूक आठवते.

म्हणून मंडळापुढे माझ्या तीन नम्र सूचना आहेत. मैदानात फरश्या बसवू नयेत. कडुलिंबाच्या मुळांना आणि पावसाच्या पाण्याला ती माती हवी आहे. मांडव उतरल्यावर खांबांचे खड्डे दुसऱ्याच दिवशी आपणच बुजवावेत. आणि या वर्षीची मिरवणूक ज्या गल्लीने आपला ओला-सुका कचरा सर्वांत चांगला वेगळा ठेवला असेल, तिथून न्यावी. पुढे चालण्याचा मान आपल्या सफाई कामगार बंधुभगिनींना द्यावा. बाप्पाचे वाहन मूषक आहे, पण ते बाप्पाच्या पायाशी असते तेव्हाच शोभते!

गणपती बाप्पा मोरया!