केडगावच्या पंडिता रमाबाई

आपल्या वस्तीत रमाबाई म्हटलं की पहिल्यांदा माता रमाई डोळ्यांपुढे उभ्या राहतात. वाचणाऱ्या माणसाला न्यायमूर्ती रानड्यांच्या पत्नी रमाबाईही आठवतात. पण तिसऱ्या रमाबाई आपल्याच दौंड तालुक्यात राबल्या आणि इथेच मातीआड झाल्या, त्यांचं चरित्र मात्र आपल्या पोराबाळांना ठाऊक नसतं. रेल्वेने जाणारा केडगाव स्टेशन पाहतो, शिरूरकडचा माणूस न्हावऱ्यावरून भीमा ओलांडून चौफुल्याला येतो, मुक्ती मिशनचं नाव ऐकतो आणि पुढे जातो. म्हणून हा लेखनप्रपंच.

रमाबाईंचा जन्म २३ एप्रिल १८५८ रोजी कर्नाटकातल्या गंगामूळच्या रानात झाला. वडील अनंतशास्त्री डोंगरे, चित्पावन ब्राह्मण. त्यांनी आपल्या बायकोला, लक्ष्मीबाईला, संस्कृत शिकवलं. बाईला देववाणी शिकवली म्हणून शास्त्री-पंडित खवळले, त्यांच्यापुढे अनंतशास्त्र्यांना जाब द्यावा लागला. पण ते मागे हटले नाहीत. पुढे आईने लेकीला शिकवलं. घरदार सोडून हे कुटुंब तीर्थोतीर्थी पुराण सांगत हिंडत राहिलं. मोठा दुष्काळ आला आणि त्या उपासमारीत वडील, आई आणि बहीण एकामागोमाग गेली. उरले रमाबाई आणि भाऊ श्रीनिवास. दोघे भावंडं अनवाणी, अर्धपोटी देशभर चालली. ज्या देवांना आईबापांनी सगळं वाहिलं, त्यांच्या दारात एक घास मिळाला नाही! तिथेच जुन्या श्रद्धेला पहिला तडा गेला.

१८७८ साली दोघे कलकत्त्याला पोचले. वीस वर्षांच्या मुलीचं संस्कृत ऐकून तिथले विद्वान थक्क झाले आणि त्यांनी तिला पंडिता व सरस्वती या पदव्या दिल्या. परंतु शास्त्रं खोलात वाचली तेव्हा रमाबाईंना कळलं की, स्त्री आणि शूद्र यांना त्यात माणूस म्हणून जागाच नाही. १८८० साली भाऊ वारला. त्याच वर्षी त्यांनी बिपिन बिहारी दास मेधावी या बंगाली वकिलाशी नोंदणी पद्धतीने लग्न केलं. नवरा ब्राह्मण नव्हता. जातीबाहेर, प्रांताबाहेर, मंत्राबाहेर झालेलं हे लग्न! मनोरमा ही मुलगी झाली, पण १८८२ च्या फेब्रुवारीत पटकीने नवरा गेला. तेवीस वर्षांच्या वयात विधवा.

त्या पुण्याला आल्या, १८८२ मध्येच आर्य महिला समाज काढला, हंटर कमिशनपुढे साक्ष देऊन मुलींसाठी शिक्षिका आणि बायकांसाठी स्त्री डॉक्टर हव्यात अशी मागणी केली. १८८३ साली डॉक्टरकी शिकायला इंग्लंडला गेल्या, पण कान अधू झाल्याने ते शिक्षण राहिलं. लंडनमध्ये त्यांनी पाहिलं की, समाजाने टाकून दिलेल्या बायकांना जोगिणी आश्रमात घेतात, माणसासारखं वागवतात. ही दया आपल्या शास्त्रांत का नाही, असा प्रश्न मनात उभा राहिला. २९ सप्टेंबर १८८३ रोजी वाँटेज येथे त्यांनी मुलीसह बाप्तिस्मा घेतला.

इकडे पुण्यात एकच गदारोळ उडाला. धर्म बुडवला, देशद्रोह केला, असे आरोप झाले. त्या वेळी त्यांच्या बाजूने उभे राहिले ते महात्मा जोतीराव फुले. १८८५ च्या सत्सार या पुस्तिकेत त्यांनी रमाबाईंची बाजू घेऊन टीकाकारांना खडसावलं.

पण खरी गंमत पुढेच आहे. ज्या इंग्लंडच्या चर्चने त्यांना आत घेतलं, त्याच चर्चशी त्यांचं वाजलं. त्रैक्याचा सिद्धान्त बुद्धीला पटल्याशिवाय मी मानणार नाही, बिशप सांगतो म्हणून नाही, असा त्यांचा हट्ट. गळ्यातल्या क्रूसावर लॅटिन अक्षरं कशाला, संस्कृत का नकोत, हाही सवाल. या बाईने पुरुषांना शिकवू नये असं हिंदुस्थानातल्या बिशपांचं म्हणणं पडलं, तेही त्यांनी मानलं नाही.

हे समजायला युरोपचा इतिहास थोडा पाहावा लागतो. १५१७ साली जर्मनीत मार्टिन ल्यूथरने पोपच्या सत्तेला आव्हान दिलं. १५२९ साली स्पायरच्या सभेत त्याच्या बाजूच्या राजांनी लेखी निषेध नोंदवला, त्यावरून प्रोटेस्टंट, म्हणजे निषेध करणारे, हे नाव पडलं. फ्रान्समध्ये १५७२ साली प्रोटेस्टंटांची कत्तल झाली. १५९८ साली राजाने त्यांना मोकळीक दिली, ती १६८५ साली दुसऱ्या राजाने काढून घेतली, आणि सुमारे दोन लाख माणसं देशोधडीला लागली. इंग्लंडच्या चर्चने स्वतः पोपशी नातं तोडलं होतं. पण १६६२ साली त्याच चर्चच्या प्रार्थनापुस्तकाला मान तुकवेनात म्हणून सुमारे दोन हजार धर्मोपदेशकांना पदावरून हाकललं गेलं! म्हणजे कालचा बंडखोर आज गादीवर बसला की, तोही दुसऱ्याचा आवाज दाबतो. रमाबाईंनी हे ओळखलं होतं. एक पुरोहित सोडून दुसऱ्या पुरोहिताचं जोखड मानेवर घ्यायचं नाही, हा त्यांचा निश्चय होता.

१८८६ साली आनंदीबाई जोशी डॉक्टर झाल्या, त्या समारंभासाठी रमाबाई अमेरिकेला गेल्या आणि तिथे विधवांच्या शाळेसाठी पैसा उभा केला. ११ मार्च १८८९ रोजी मुंबईत शारदा सदन सुरू झालं, पुढच्या वर्षी ते पुण्याला आणलं. पुढे महर्षी कर्व्यांच्या पत्नी झालेल्या गोदूबाई याच शाळेच्या पहिल्या विधवा विद्यार्थिनी. इथे एक गोष्ट स्पष्ट सांगितली पाहिजे. हे सदन मुख्यतः उच्चवर्णीय विधवांसाठी होतं आणि खाण्यापिण्यात त्यांचा जातीचा सोवळेपणा पाळू दिला जाई. आपल्या आया-बहिणींना त्यात जागा नव्हती. १८९३ साली काही मुली रमाबाईंच्या प्रार्थनेला बसतात म्हणून वादळ उठलं. केसरीने झोड उठवली, रानडे आणि भांडारकर सल्लागार मंडळातून बाहेर पडले, पालकांनी मुली काढून नेल्या. रमाबाईंचं म्हणणं साधं होतं : मी कोणाला बोलावत नाही, पण माझ्या खोलीचं दारही लावून घेणार नाही.

ही भिंत अखेर दुष्काळाने पाडली. केडगावला त्यांनी आधीच माळरान विकत घेऊन ठेवलं होतं. १८९६-९७ च्या दुष्काळात मध्य प्रांतातून सुमारे तीनशे मुली-बायका त्यांनी आणल्या. पुण्यात प्लेग होता, म्हणून सगळ्यांना केडगावला हलवलं. प्लेगच्या सरकारी दवाखान्यात बायकांचे हाल होतात म्हणून वर्तमानपत्रात पत्र लिहून गोऱ्या सरकारलाही त्यांनी जाब विचारला. १९०० साली गुजरातच्या दुष्काळातल्या मुली आल्या आणि मुक्तीची संख्या दोन हजारांच्या घरात गेली. आता जात विचारायची सोयच राहिली नाही. विणकाम, शेती, तेलघाणा, गाई-म्हशी, छापखाना, सगळं बायका चालवत. आंधळ्या मुलींना बोटांनी वाचायला शिकवलं जाई. ज्या हातांनी खिळे जुळवून पानं छापली, ते हात कालपर्यंत भिकेसाठी पुढे होत होते!

शेवटच्या वर्षांत रमाबाईंनी हिब्रू आणि ग्रीक शिकून बायबल साध्या मराठीत आणण्याचं काम केलं. कमी शिकलेल्या बाईलाही धर्मग्रंथ स्वतः वाचता यावा, मध्ये कोणी भट किंवा पाद्री नको, हा हेतू. १९२१ साली मनोरमा गेली, ५ एप्रिल १९२२ रोजी केडगावला रमाबाई गेल्या. पुरं बायबल त्यानंतर १९२४ साली छापून झालं.

त्यांचा मार्ग आपला नव्हता. त्या देव मानत होत्या. पण धर्म बदलणारा माणूस लोभाने किंवा रागाने बदलतो असं जे म्हणतात, त्यांना या बाईचं चरित्र उत्तर आहे. आपण १९३५ ते १९५६ या एकवीस वर्षांचा विचार जाणतो, म्हणून आपल्याला हे लवकर कळावं. धर्म बदलला तरी डोकं कोणाकडे गहाण ठेवलं नाही, हे त्यांच्याकडून घेण्यासारखं आहे. पुढच्या वेळी केडगाव स्टेशनवर गाडी थांबली की, शेजारी बसलेल्या लेकीला एवढं तरी सांगा.